गाण्यात आमचा दत्ता कुठंय?

दोन घरांत एकच भिंत असली की किस्से जमवावे लागत नाहीत. ते भिंतीतून पाझरून आपल्या स्वयंपाकघरात येतात. लोक मला भोचक म्हणतात. म्हणू देत! शेजारच्या दत्तावर झालेला अन्याय अख्ख्या घाटनांदुरात माझ्याशिवाय कुणी लक्षात ठेवलाय का?

दत्ता बेस गिटार वाजवतो, पुण्याच्या स्टुडिओत. गाणं दुसऱ्याचं, नाव दुसऱ्याचं, यानं खालचा जाड सूर धरून द्यायचा आणि घरी यायचं. सोल म्हणतात, फंक म्हणतात, तसल्या चालीच्या गाण्यांना त्याला लई मागणी. छत्तिशीला आला, पण हा करतो काय ते गावाला कळलं नाही. गाव जाऊ द्या, त्याच्या आईला कळलं नाही! शेवंताआक्काला मनातून वाटायचं, पोरगं खोटं बोलतंय.

* * *

पहिल्यांदा त्यानं ती गिटार आणली तेव्हा गल्ली जमली. आमच्या ह्यांनी तारा मोजल्या. चार. परत मोजल्या. चारच!

"दत्ता, फसवलं बे तुला. गिटारला सहा तारा असत्यात."

"काका, हिला चारच असतात."

"असं दुकानदारानं सांगितलं आसंल!"

आमचे हे घरात गरीब, पण दुसऱ्याच्या वतीनं भांडायला शूर. दुसऱ्या दिवशी एसटीनं थेट लातूरच्या दुकानात गेले. दुकानदारानं समजावलं, भिंतीवरच्या तसल्याच तीन गिटारी काढून समोर ठेवल्या. संध्याकाळी हे परतले ते आणखी तापून.

"एकट्या दत्ताला न्हाई फसवलं. त्याचा सगळा मालच तसला हाय!"

* * *

स्टुडिओच्या आधी तो ऑर्केस्ट्रात होता. नांदूरघाटच्या (आमचं घाटनांदूर, ते गाव वेगळं) जत्रेत गाणं रंगात आलेलं, तेवढ्यात कमिटीचा एक माणूस स्टेजवर चढला. दत्ताकडं बघून म्हणाला, "ह्यो काय करतोय? तोंड हलत न्हाई, हात बी धड हलत न्हाई. उतरवा खाली!"

उतरवला की हो! दत्तानं मुकाट्यानं वायर काढली आणि कोपऱ्यात जाऊन उभा राहिला. गाणं चालूच होतं, पण त्याचं बूडच निघून गेलं. नाचणारे एकमेकांकडं बघायला लागले. कमिटीवाला जनरेटरकडं तोंड करून ओरडला, "आरं डिझेल टाक बे!"

मी बायकांच्या रांगेतून उठले आणि त्याच्यापेक्षा मोठ्यानं ओरडले, "डिझेल त्या कोपऱ्यात उभं हाय!"

कुणी ऐकलं नाही. जनरेटरची टाकी मात्र काठोकाठ भरली.

* * *

एकदा मी चुलीपुढं भाकरी थापत होते. विचारलं, "फंक म्हंजी काय रे?"

तो म्हणाला, "काकू, थांबू नका. पहिली थाप जोरात. मग मधी मोकळं सोडायचं. परत पहिली जोरात. अंगठ्यानं तारेवर अशीच थाप मारायची."

गिटार घेऊन आला आणि शेजारी बसला. वायर नाही, आवाज मोठा करायचा डबा नाही, नुसत्या तारा. मी थापतेय, तो वाजवतोय. इतकं जमलं, इतकं जमलं, की भाकरी परातीएवढी झाली!

आक्का दारातून बघत होती. म्हणाली, "दोघं मिळून पीठ वाया घालवा."

* * *

मग ते गाणं आलं. एका पोरीनं म्हटलेलं, खाली दत्तानं वाजवलेलं, शूटिंग बैलगाडीत. मोबाइलवर गाण्याखाली नावांची लांबच लांब यादी होती. मी चष्मा लावून एकूण एक नाव वाचलं. गाणारी, लिहिणारा, कॅमेरावाला, केस विंचरणारी, साडी नेसवणारी. सगळ्यात शेवटी काय, तर 'विशेष आभार: राजा बैल'.

दत्ता? नाही!

मी म्हटलं, "लाव फोन त्यांना. मी बोलते."

तर हा हसतोय. "काकू, बैल चार दिवस उन्हात उभा होता. माझं एका दुपारीत झालं."

असल्या माणसाच्या बाजूनं भांडायचं तरी कसं, सांगा!

* * *

शिरूर कासारचं स्थळ आलं. मुलीच्या चुलत्यानं विचारलं, "गाणं तुमी म्हणता?"

"न्हाई."

"मग ढोल?"

"न्हाई, तो माणूस वेगळा."

"मग तुमी?"

"मी दोघांना धरून ठेवतो."

चुलता गंभीर झाला. "कावून? भांडत्यात का ते?"

मी पोहे घेऊन गेले होते. (माझं तिथं काय काम, ते विचारू नका.) मला राहवेना. मोबाइलवर तेच गाणं लावलं आणि म्हटलं, "खालचा सूर ऐका, तो आमचा दत्ता." पण एवढ्याशा मोबाइलमधून खालचा सूर निघतो कुठं? पोरीचा आवाज आला, टाळ्या आल्या. चुलत्यानं फोन कानाला लावला, उलटा केला, झटकून बघितला. मग मला परत दिला.

"पाव्हणं ह्यात न्हाईत."

स्थळ गेलं. आक्का माझ्याकडं बघून म्हणाली, "विमल, तू तरी खरं सांग. गाण्यात माझा दत्ता कुठंय? पुण्यात हा करतो तरी काय?"

मी चिडले, बोलले, पण ऐकवणार काय? तिनं ठरवून टाकलं, दिवाळी झाली की दत्तानं मामाच्या खताच्या दुकानात बसायचं. तो नुसतं 'बरं' म्हणाला आणि गिटार पलंगाखाली सरकवली. चुलत्यापेक्षा, कमिटीवाल्यापेक्षा मला त्या 'बरं'चा राग आला!

* * *

दिवाळी झाली. ऊसतोडीचे ट्रॅक्टर निघायला लागले. आमच्याकडची रीत अशी, की टोळी घेऊन गाव सोडताना गाणं लावून गल्लीतून जायचं. त्या सकाळी रामकिसनचा ट्रॅक्टर आला. मागं कपाटाएवढे दोन स्पीकर बांधलेले. लावलं होतं तेच बैलगाडीचं गाणं.

आक्का ओट्यावर डाळ पाखडत होती. सुपातली डाळ आपोआप नाचायला लागली. तिनं सूप मांडीवर ठेवलं, तरी डाळ नाचतेच! वरचे पत्रे थरथरले. आक्कानं भिंतीला हात लावला, मग छातीला लावला.

"विमल, हे खालून काय येतंय?"

मी पायरीकडं बोट केलं. दत्ता तिथं मान खाली घालून बसला होता. दुसऱ्या दिवसापासून दुकान. पण त्याचा अंगठा मांडीवर चालला होता. अंगठा पडला की पत्रा थरथरायचा. आक्का एकदा अंगठ्याकडं बघायची, एकदा पत्र्याकडं.

मग तिनं सूप खाली ठेवलं, पदर खोचला आणि जाऊन ट्रॅक्टरपुढं आडवी उभी राहिली.

रामकिसन ओरडला, "आक्का, सरका! टोळी खोळंबलीय!"

"खोळंबू दे. ती पोरगी बंद कर. नुसता माझा दत्ता ठिव."

"आवं आक्का, तसं न्हाई करता येत. एकाच गाण्यात हायत दोघं."

आक्का ट्रॅक्टरच्या तोंडावर हात ठेवून म्हणाली, "मग तिला म्हणावं, जरा हळू गा. माझं पोरगं वाजवतंय!"