कापराच्या डबीशेजारच्या गोळ्या

"डीप व्हेन थ्रॉम्बोसिस," लातूरच्या डॉक्टरबाई स्क्रीनकडे बघतच म्हणाल्या. मग आईकडे वळून त्यांनी सोपं करून सांगितलं, "पायाच्या आतल्या मोठ्या शिरेत रक्ताची गाठ झाली आहे. ती सुटून फुफ्फुसात गेली तर जिवावर बेतेल. आजच ॲडमिट करा."

मी टेबलावर आडवी होते, डाव्या पोटरीवर गार जेल फासलेलं. आठ दिवसांपूर्वी याच पायावर उडी घेऊन मी राज्य अजिंक्यपदाचा शेवटचा गुण मारला होता. नांदेडच्या आमच्या व्हॉलीबॉल संघाची मी कॅप्टन. कबूल करते, पहिला विचार जिवाचा आलाच नाही. "मॅडम, पुढच्या महिन्यात राष्ट्रीय स्पर्धेची निवड आहे. तोवर बरं होईल ना?"

त्यांनी उलट विचारलं, "कुठल्या गोळ्या चालू आहेत?"

"कुठल्याच नाहीत."

"डोकं दुखलं तरी गोळी खात न्हाई माझी पोरगी," आईनं अभिमानानं भर घातली.

आमच्या मते आम्ही दोघीही खरंच बोलत होतो.

फायनलनंतर दिवसभराचा रेल्वेप्रवास झाला होता. खिडकीची जागा सोडायची नाही म्हणून मी उठले नाही, पाणीही बेतानंच प्यायले. नांदेडला उतरले तेव्हा पोटरी ठणकत होती. क्रॅम्प असेल, म्हटलं. मला चेंडू उचलून देणारी आमची सेटर सुरेखा दोन दिवस बाम लावून पाय चोळत होती, बिचारी जीव लावून. मग मी घरी गेले, आणि पाय सुजलेला बघून आईनं मला लातूरला आणलं. पाय चोळल्याचं ऐकून डॉक्टरबाईंनी कपाळाला हात लावला आणि बजावलं: असा सुजलेला, गरम पाय कधीही चोळू नका. गाठ सुटू शकते.

पोटात इंजेक्शनं सुरू झाली. हेपॅरिन, म्हणजे रक्त गोठू न देणारं औषध. तिसऱ्या दिवशी सकाळी बाथरूमपर्यंत गेले आणि दम लागला. पाच सेट खेळून न दमणारी मी दाराची कडी धरून उभी राहिले. श्वास घेतला की बरगडीत कळ यायची. सीटी स्कॅन झाला. पल्मनरी एम्बोलिझम. गाठीचे दोन तुकडे फुफ्फुसात पोचले होते.

तोंडावर ऑक्सिजनचा मास्क, दाराच्या काचेपलीकडे आई. मला आता खरोखर भीती वाटली.

दोन दिवसांनी श्वास सावरला, पण डॉक्टरबाईंचा चेहरा काही मोकळा होईना. "चोवीस वर्षांच्या खेळाडूला हे उगाच होत नाही. कारण सापडलं नाही, तर रक्त पातळ ठेवणाऱ्या गोळ्या कदाचित कायमच्या घ्याव्या लागतील. मग जमिनीवर डाइव्ह मारणं विसरायचं. रक्तस्राव थांबणार नाही."

म्हणजे व्हॉलीबॉल संपलं. एकामागून एक रिपोर्ट नॉर्मल येत होते, म्हणजे कारण काही सापडत नव्हतं.

मग एका दुपारी सिस्टर फॉर्म भरायला आल्या. "शेवटची पाळी कधी आली?"

"स्पर्धेनंतर. मॅचेस होत्या म्हणून पुढं ढकलली होती."

त्यांचा पेन थांबला. "कशानं ढकलली?"

आमच्या चाकूरच्या घरी देवघरात, कापराच्या डबीशेजारी, त्या गोळ्यांची पाकिटं असतात. महालक्ष्म्यांच्या आधी आई मेडिकलमधून आणते, घरातल्या सगळ्या बायकांसाठी. पांढऱ्या शॉर्टवर डाग पडेल या धास्तीनं मी त्याच गोळ्या प्रत्येक स्पर्धेला घेत होते. खात्रीसाठी कधी दोन-दोन. त्यांना आमच्याकडे कुणी औषध म्हणतच नाही.

डॉक्टरबाई आधी भडकल्या, मग खुर्ची ओढून बसल्या. "या गोळ्या, त्यावर इतका प्रवास, अंगात पाणी कमी. सगळं मिळून झालं असावं. कारण सापडलं, हे बरं झालं. सहा महिने औषध, मग बघू."

मी हमसून हमसून रडले. आई रडली नाही. एवढंच म्हणाली, "म्याच दिल्या व्हत्या तिला."

निवड गेली. सहा महिने मी कोर्टाच्या कडेला बसून दुसऱ्यांच्या चुका काढल्या आणि सगळ्यांना नकोशी झाले. सहा महिन्यांनी पायाच्या शिरांची डॉपलर तपासणी स्वच्छ आली. "खेळ," डॉक्टरबाई म्हणाल्या, "पण त्या गोळ्या पुन्हा नाहीत." त्या एका शब्दासाठी मी त्यांची जन्मभर ऋणी आहे.

खेळणाऱ्या मुलींनो, डॉक्टरांनी गोळ्यांबद्दल विचारलं, तर ही गोळीसुद्धा सांगा.

त्यानंतर महालक्ष्म्या आल्या. जेवणाच्या दिवशी सकाळीच मला पाळी आली. मी सवयीनं मागच्या खोलीत जाऊन बसले. देवघरात कापराची डबी एकटीच होती.

"काय गं, पोरीला गोळी न्हाई दिलीस?" काकूनं आईला विचारलं.

"न्हाई दिली." आईनं मला हाक मारली. "ये गं बाहेर, पुरण वाटायचंय."

"अगं, पर देवीचं..."

"देवीच्या पुढ्यातबी तिची लेकरं मांडलीत," आई म्हणाली. "तीबी बाईच, तिला कळतंय."

मी हात धुतले आणि पुरण वाटायला बसले.