तळातला वेढा

तिची आई रफूवाली होती. सिगारेटने जळलेला कोट असो की कसरीने खाल्लेली शाल, काम झाल्यावर गिऱ्हाईक कपडा उजेडात फिरवून भोक कुठे होतं ते शोधत बसे. रफूचा धागा तिने कधी विकत आणला नाही. कपडा उलटा करायची, शिवणीच्या आत शिंप्याने सोडलेली जादा पट्टी, म्हणजे माया, चाचपायची आणि तिच्यातूनच एकेक धागा ओढून घ्यायची. रंग तोच, पीळ तोच. माया न सोडणाऱ्या शिंप्यांचा मात्र ती यथेच्छ उद्धार करी. "मेल्याने बोटभर कापड वाचवलं आणि अख्खा कोट घालवला."

लेकीने सुई धरली नाही. तिच्या वाट्याला काच आली. रस्त्याखालून इंटरनेटची जी केबल जाते तिच्या पोटात नळ्या असतात आणि नळीत रंगीत लेप दिलेले, केसाएवढे बारीक काचेचे तंतू. दोन केबली जिथे भेटतात तिथे हे तंतू एकास एक जोडायचे, हे तिचं काम. लेप सोलायचा, स्पिरिटने पुसायचं, टोक सरळ छाटायचं, दोन्ही टोकं मशीनमध्ये समोरासमोर ठेवायची. मशीन ठिणगी टाकतं आणि काच काचेत वितळते. मग जोडावर स्लीव्ह, म्हणजे प्लास्टिकची बारीक पुंगळी, सरकवून ती तापवून आवळायची आणि उरलेला तंतू ट्रेमध्ये गोल वेढे घालून निजवायचा. वेढा फार लहान झाला तर काचेतला उजेड बाहेर गळतो. ऐकायला सोपं आहे. पण ती स्लीव्ह जोडण्याआधीच तंतूत ओवून ठेवावी लागते. विसरलात, तर झालेला जोड तोडून पुन्हा पहिल्यापासून, आणि दर खेपेला तंतू थोडा आखूड. म्हणून प्रत्येक जोडाआधी ती स्वतःलाच मोठ्याने विचारी, "स्लीव्ह घातली?" आणि स्वतःच उत्तर देई, "घातली." येणाऱ्या-जाणाऱ्यांना वाटे, बाई जरा हललेली आहे.

छाटलेली काचेची कुसळं ती झाकणाच्या डबीत जमा करायची आणि घरात पाऊल टाकण्याआधी बाह्या झटकायची. एकदा एक कुसळ नवऱ्याच्या टाचेत गेलं होतं. ती गोष्ट तो अजून सांगतो, आणि दर वेळी कुसळ थोडं वाढलेलं असतं.

तिने भरलेला ट्रे नुसता पाहत राहावा असा. एक वेढा दुसऱ्यावर चढलेला नाही, एक तंतू ताणलेला नाही. आणि जोड झाकून ठेवायच्या डब्यात ट्रे बसवण्याआधी त्याच्या तळाशी ती अख्ख्या नळीचाच एक मोठा वेढा बांधून ठेवायची. त्याला ती मायाच म्हणे. तो बांधायला वेळ लागायचा आणि मुकादम मनगटावरच्या घड्याळाकडे पाहत उभे राहायचे.

"ताई, केबल जोडायची आहे, तिची वेणीफणी करायची नाही."

"वेणी सुटली की तुम्हीच बोलवाल मला, मुकादम."

"झाकण लावल्यावर आत कोण बघतंय?"

"पुढचा उघडेल तो बघेल."

मग मुकादमांचा मेव्हणा कामावर आला. सगळे त्याला तुफान म्हणत. त्याच्या हाताला खरोखरच वेग होता. तिनेही ते मान्य केलं. मुकादमांनी मशीनची पेटी त्याच्या हाती दिली. ज्याच्याकडे पेटी तो जोडणारा, असा तिथला नियमच होता. "ताई, महिनाभर बघू. तोवर तुम्ही घरोघर वायर ओढा." ती लोकांच्या कपाटांमागे वायर सरकवू लागली. महिना संपेल तेव्हा पेटी परत येईल, असं तिला मुळीच वाटत नव्हतं.

एक दिवस दुपारी मुकादमांचा फोन आला. दवाखान्यासमोरच्या कोपऱ्यावरचा डबा उघडला होता. तो तिनेच तीन वर्षांपूर्वी भरलेला. नव्या इमारतीसाठी नळीतला एक रिकामा तंतू जोडायचा होता, एवढंच काम. तुफान स्लीव्ह विसरला. तोडला, जोडला, घाईत पुन्हा विसरला. मग एकदा छाटताना टोक तुटलं. आता तंतू ट्रेच्या कडेपर्यंतसुद्धा येत नव्हता, मग मशीनपर्यंत कसा येणार.

"नवी केबल ओढायची म्हणजे रस्ता खणायला लागेल," ती पोचल्यावर मुकादम म्हणाले. चेहरा उतरला होता. "तुम्ही फक्त बघा, ताई."

तिने ट्रे अलगद उचलले आणि खाली बोट दाखवलं. तळाशी वेढा तसाच बांधलेला होता.

तुफानने वाकून पाहिलं. "हा काय प्रकार? मला वाटलं, उरलेली नळी कोंबून ठेवलीय."

"कोंबलेली अशी दिसते होय रे?"

वेढा सोडून नळी पुढे घेतली की आतला आखूड तंतूही पुढे येणार होता. पण त्यासाठी नळीची साल हातभर आणखी सोलायला हवी होती, आणि त्याच नळीत बाकीचे अकरा तंतू चालू होते. त्यांतला एक दवाखान्याचा. पातं केसभर खोल गेलं की त्या अख्ख्या भागाचं इंटरनेट बंद, आणि मग पेटीचं नावही काढायला नको.

"नाही जमलं तर दोष तुमच्यावर येईल," मुकादम म्हणाले. धमकी नव्हती ती. त्यांना खरंच तसं वाटत होतं.

"डबा माझाच आहे," ती म्हणाली. "वाऱ्याकडे पाठ करून उभे राहा दोघं. बोलू नका."

लहानपणी आई शिवण उसवायची तेव्हा ती शेजारी बसून बघायची. आई पातं कधी दाबत नसे. कापडच पात्यावर आणायची. तिने तसंच केलं. नळी बोटांत हळूहळू फिरवली, साल वर्तुळात अर्धवट कापली आणि मग पातं बाजूला ठेवून ती हाताने वाकवून मोडली. साल तंतूंवरून अंगरख्यासारखी निघून आली. अकराही तंतू शाबूत. दवाखान्यातून कुणी ओरडत बाहेर आलं नाही.

आखूड तंतू आता मशीनपर्यंत आरामात येत होता. तिने तुफानला जवळ बसवलं.

"तू जोड."

"मी?"

"विचार आधी."

तो मुकादमांकडे पाहून ओशाळला. "स्लीव्ह घातली?"

"मला काय विचारतोस, तुझं तूच सांग."

त्याने पाहिलं. घातली नव्हती. मुकादम इतके मोठ्याने हसले की वाऱ्याकडची पाठ वळली आणि तिने त्यांना पुन्हा जागेवर उभं केलं.

जोड झाला, आवळला, ट्रेमध्ये निजला. बाकी तंतूंचे वेढे तिने नव्याने घातले आणि उरलेल्या नळीचा वेढा तळाशी पुन्हा बांधला. आता तो लहान झाला होता. तरी तिने घाई केली नाही. मुकादमांनी घड्याळ पाहिलं नाही. झाकण लागल्यावर तुफानने पेटी पुसली, पट्टा गुंडाळला आणि तिच्या पायाशी आणून ठेवली.

"उद्यापासून तू ताईंबरोबर जा," मुकादम त्याला म्हणाले. "माया किती ठेवायची ते शिकून घे."

घरी आईला आता सुईचं नेढं दिसत नाही, पण चौकशी सगळी लागते. लेकीने सगळं सांगितलं. पेटी दाराशीच होती. आईने हात लावून ती चाचपली.

"तळाशी किती उरली गं आता?"

"एक लहानसा वेढा."

"मग एकदाच पुरेल," आई म्हणाली. "त्या तुफानाला सांगून ठेव."