फोटोत नसलेला मित्र

माझं सासर नवेगाव बांधचं. माझा भाऊ गोंदियाला पोलीस शिपाई. सासूबाई त्याचं कौतुक वस्तीभर सांगत फिरायच्या. मग राज्यातलं सरकार डळमळलं, मोर्चे निघाले, जिल्ह्यात जमावबंदी लागली, मोबाईलचं नेट बंद झालं. त्या कौतुकाचा नंतर कुणी उच्चार केला नाही.

वस्तीतल्या बुद्धविहारात बसायला मनाई होती, म्हणून नवऱ्याचे मित्र आमच्या घरी जमले. मोर्च्यात धरलेल्या पोरांसाठी वकील बघायचा होता. मी चहा दिला. लगेच दुसऱ्या दिवशी नवऱ्याला ठाण्यात बोलावलं. कोण काय बोललं ते साहेबाला आधीच ठाऊक होतं.

तेव्हापासून मला पाहिलं की नळावरच्या बायका गप्प होत. माझ्या हातात फोन दिसला की सासूबाई दाराशी येऊन उभ्या राहत. वाटायचं, नवरा तरी मला ओळखून आहे. एकदा जेवताना त्यानंच विचारलं, "तू भावाले काही बोलली काय?"

"तुमाले तसं वाटते?"

तो भात कालवत राहिला.

मी सगळ्यांसमोर भावाला फोन लावला, स्पीकरवर. तो वसकन ओरडला, "ताई, मले फोन नको करू! भाऊजी मोर्च्यात होते म्हून इथं माह्यावरच नजर ठेवून राहिले."

पुन्हा ठाण्यात जाऊन आल्यावर नवरा थेट चुलीपाशी आला. "त्या दिवशीचा आपल्या खोलीतला फोटो हाये त्याहिच्याजवळ. सारे दिसतेत. तूबी, चहाचा ट्रे धरून." मग आवाज खाली आणून म्हणाला, "दाराजवळ बसला होता तोच तेवढा नाही त्यात."

तो म्हणजे नवऱ्याचा शाळेपासूनचा मित्र.

"त्यालेबी धमकावलं असंन," नवरा म्हणाला. माझी माफी मात्र त्यानं मागितली नाही. सासूबाईंना त्यानं सांगितलं, पण बाहेर सांगायची सोय नव्हती. सांगितलं असतं तर तेही ठाण्यात पोचलं असतं. त्यामुळे वस्तीसाठी खबरी मीच राहिले.

जमावबंदी उठली, नेट आलं, पोरं जामिनावर सुटली. तो मित्र अजून येतो. नवरा त्याच्याशी धानाच्या भावाबद्दल बोलतो, दुसरं काही नाही. परवा चहा पिता पिता तो मित्र मला म्हणाला, "वहिनी, लोकं तुमच्याबद्दल काहीबी बोलून राहिले. मनावर नका घेऊ."

मी बरं म्हणाले आणि कपबशी उचलून आत गेले.