केळीच्या चिकाचे डाग

माझ्या पटकथांना लोक धाडसी म्हणतात. काल रावेरजवळ शूटिंग होतं. निवडणुकीच्या रागातून विरोधकाची केळीची बाग तोडतात, तो प्रसंग. पहिल्याच घावाला चिकाचा तुरट वास आला आणि मला आमचं अंगण दिसलं.

मी दहा वर्षांची होते. ग्रामपंचायतीला आमचं पॅनल पडलं आणि दुसऱ्याच सकाळी, निवडून आलेल्या नानांची घड लागलेली बाग आडवी झाली. नाना आमच्या ओट्यावर येऊन बसले. "कोनं कापली असीन रे भाऊ?"

"सापडू तर द्या नाना, हात तोडू त्याचे," माझे वडील म्हणाले.

केळी कापायला जाताना सगळे जुने कपडे घालतात, कारण चीक धुऊन निघत नाही, वाळता वाळता काळा पडतो. वडील संतापात प्रचाराच्या पांढऱ्या सदऱ्यातच गेले होते. आईनं घाईघाईनं धुतलेला तो सदरा नानांसमोरच दोरीवर वाळत होता आणि बाह्या काळवंडत चालल्या होत्या. नानांनी बघितलं. चहा संपवला आणि उठून गेले.

"कापणाऱ्यांचे चेहरे दाखवायचे ना?" काल दिग्दर्शकानं विचारलं.

"नको," मी म्हणाले. "तोंडाला फडकी बांधा."