दोन दिवसांचं शूटिंग

लग्नाआधी मी पुण्यात एका कॉलेजात फ्रेंच शिकवायचे. मस्कतला आल्यावर फॅमिली व्हिसावर नोकरी करता येईना, गाडीचं लायसन्स नव्हतं आणि नवरा आठवडाभर साइटवर. दार्सैतच्या दोन खोल्यांत एसीचा आवाज ऐकत दिवस जायचा. एका शेजारणीकडून कळलं, की मदिनत सुलतान काबूस या भागात एका फ्रेंच इंजिनिअर बाईची आई दिवसभर एकटी असते, तिच्याशी तिच्या भाषेत बोलायला कुणीतरी हवंय. मी दर मंगळवारी टॅक्सीनं जायला लागले.

आई पंच्याहत्तरीच्या होत्या. खुब्याचं हाड मोडल्यावर मुलीनं त्यांना इथे आणलं आणि पॅरिसमधलं भाड्याचं घर सोडून दिलं. वॉकर घेऊन त्या काचेच्या दारापर्यंत जायच्या, बाहेरचं ऊन बघायच्या आणि परत फिरायच्या.

त्या सिनेमात होत्या हे मला तिसऱ्या मंगळवारी कळलं.

"मी फिल्म क्लबात फ्रेंच सिनेमे बघायचे," मी म्हटलं.

"मग मला बघितलंच असेल. पण तुमचं लक्ष नायिकेकडे असणार."

वडील रेल्वेत सिग्नल सांभाळायचे. एकोणिसाव्या वर्षी त्या पॅरिसला आल्या. पहिल्या सिनेमात दार उघडून 'बाईसाहेब घरी नाहीत' एवढंच म्हणायचं होतं. ते इतकं चांगलं जमलं, की पुढे त्यांना दारंच मिळत गेली. मोलकरीण, नर्स, चाळीशीनंतर विधवा मावशी. एकदाच एका दिग्दर्शकानं मुख्य भूमिका दिली, तेव्हा नेमकी ही मुलगी पोटात होती. निर्मात्यानं भूमिका दुसरीला दिली आणि ह्यांना नायिकेची बहीण केलं. सगळा सिनेमाभर अंगात सैल कोट.

"मुलीला माहीत आहे?"

"नाही. तुम्हीही सांगू नका."

दुसऱ्या वर्षी एक पत्र आलं. पूर्वी त्यांच्या युनिटमध्ये असलेला एक माणूस आता स्वतः सिनेमा करत होता. खाणावळ चालवणाऱ्या म्हातारीचं काम, दोन दिवसांचं शूटिंग. त्यांनी ते माझ्याकडून तीनदा वाचून घेतलं. संवाद पानभर होता. दोन मंगळवारांत त्यांचा पाठ झाला.

मुलगी नाही म्हणाली. तिचंही चूक नव्हतं. इतका वेळ विमानात बसणं त्यांना झेपणार नाही असं डॉक्टर म्हणाले होते. पासपोर्ट तिच्या कपाटात होता.

पुढच्या मंगळवारी त्यांनी माझा हात धरला. "कपाटाची किल्ली कुठे असते मला ठाऊक आहे. तिकीट तो माणूस काढतोय. तुम्ही फक्त मला टॅक्सीनं एअरपोर्टवर न्या. गुरुवारी, ती ऑफिसात असताना."

काही झालं तर मुलगी तक्रार करेल, नवऱ्याच्या नोकरीवर गदा येईल, आमचा व्हिसा जाईल, हे सगळं एका दमात डोक्यात येऊन गेलं.

"मादाम, मला नाही जमणार. माझा नवरा..."

"बरं," त्या म्हणाल्या आणि हात सोडला.

गुरुवारी सकाळभर मी घरात या खोलीतून त्या खोलीत फिरत होते. दोनदा पर्स उचलली. टॅक्सी खाली रस्त्यावरच मिळते. मी गेले नाही.

त्यानंतरही मंगळवारी जात राहिले. त्या नीट बोलायच्या, हवापाण्याचं, बातम्यांचं. सिनेमाचं पुन्हा कधी नाही. माझं चुकलेलं फ्रेंच सुधारणंही त्यांनी थांबवलं.

वर्षभरानं मुलीची बदली अबुधाबीला झाली. सामान बांधून झालं होतं. ती मला फाटकापर्यंत सोडायला आली.

"आईनं तुम्हाला एअरपोर्टवर न्यायला सांगितलं होतं ना? तिनंच मला सांगितलं. तुम्ही नेलं नाहीत. तुमचे आभार मानायचे राहून गेले होते."

मी मान हलवली. काचेच्या दारामागे त्या उभ्या होत्या. हात हलवावा की नाही हे मला ठरवता येईना, तेवढ्यात टॅक्सी आली.