परतनयेणे

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. लेकीला नाही, बहिणीला नाही. देवापुढे बसते तेव्हासुद्धा इकडचं तिकडचं बोलते आणि उठते. तुम्हाला सांगतेय, कारण तुम्ही मला ओळखत नाही – आणि ओळखत असलात तर, आता नीट ओळखाल.

आधी एक सांगू द्या. मी शिकलेली बाई नव्हे. मॅट्रिकचा निकाल लागायच्या आत माझं लग्न ठरलं होतं. मोडी मात्र मी शिकले, माझी मी, पंचावन्नाव्या वर्षी. हे गेले, घर एकदम मोठं वाटायला लागलं, आणि रद्दीवाल्याच्या ढिगात मला एक पातळसं पुस्तक सापडलं. दुपारची भांडी आवरली की मी ते घेऊन बसायची. मोडी म्हणजे आपली जुनी धावती लिपी – हात न उचलता लिहायची, आणि दोन शब्दांच्या मध्ये जागा सोडायची नाही. सगळी ओळ एका दमात. कुठला शब्द कुठे संपला ते वाचणाऱ्यानं ठरवायचं. दोन-तीन वर्षांत मी लोकांची जुनी खतं वाचून द्यायला लागले. ओळखीचे लोक मला मोडीवाल्या काकू म्हणायचे. मला ते आवडायचं. फार आवडायचं – एवढं लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

तर करोनाच्या वर्षी मी डच मुलखात, रायस्वाइकला होते, अनघाकडे, माझ्या लेकीकडे. तीन महिन्यांसाठी गेले होते. विमानं बंद झाली आणि मुक्काम लांबत गेला. अनघाचं घर पाचव्या मजल्यावर, बाहेर लांबलचक समाईक गॅलरी, अगदी आपल्या चाळीसारखी. फक्त माणसं नाहीत. लेक-जावई दिवसभर कानाला यंत्रं लावून मीटिंगमध्ये. मी बोलणार कुणाशी? मला न बोलता राहताच येत नाही हो.

शेजारच्या दारात मार्सेल मास्तर राहायचे. फ्रेंच शिकवून निवृत्त झालेले, ऐंशीच्या आतबाहेर, डच बायको वारलेली. रंगानं आपल्यासारखेच. पहिल्यांदा मला वाटलं, मद्रासकडचे असतील. ते म्हणाले, मी रियुनियन बेटावरचा, आफ्रिकेपलीकडच्या, फ्रेंचांच्या. त्यांचे पूर्वज कोकणातले, पण त्या बेटावर हिंदुस्थानातून आलेल्या सगळ्यांनाच मलबार म्हणतात म्हणे. मी म्हटलं, अहो, माणूस कोकणातला असला तरी? त्यावर ते इतके हसले की खोकला लागला. तिथून आमचं जमलं. दोन्ही दारांच्या मधोमध दोन खुर्च्या, मध्ये नियमाचं दीड मीटर अंतर. माझं इंग्रजी मोडकं, त्यांचं थोडं बरं. मी त्यांना मास्तर म्हणायची, ते मला मादाम काकू.

फ्रान्सचं शंभर वर्षांचं पुराण मी त्या गॅलरीत ऐकलं. ते कॉफीत साखरेची वडी टाकायचे आणि दर वेळी सांगायचे – "ही बिटाची. उसाची नाही." मी साताऱ्याकडची, मला काय उसाचं कौतुक सांगता? पण त्यांनी सांगितलेलं मला कुणीच कधी सांगितलं नव्हतं. पॅरिसमध्ये रुंद रस्ते झाले, गॅसचे दिवे लागले, मजल्यावर मजले चढवलेली दुकानं निघाली, यंत्रांची प्रदर्शनं भरली. कारखान्यात जाणाऱ्या बाईलाही सकाळच्या कॉफीत साखर लागायला लागली. इकडे बेटावर गुलामगिरी कायद्यानं बंद झालेली. मग ऊस तोडणार कोण? मळेवाल्यांनी हिंदुस्थानातून माणसं नेली – पाच वर्षांचा करार, मग परतीचं जहाज, असं सांगून. तिकडे फ्रान्सात बिटाची साखर वाढली, बेटावरच्या साखरेचा भाव पडला, आणि तो पडला की मळेवाला माणसांना आणखी पिळायचा. मास्तर म्हणायचे, राजवाड्यांबद्दल मी तीस वर्षं शिकवलं, पण ते राजवाडे गोड कुणी केले ते पुस्तकात नव्हतं.

त्यांचे पणजोबा त्या माणसांतले. नाव बाजी. कोकणातून कसे कोण जाणे मलबार किनाऱ्यावरच्या फ्रेंच बंदरात पोचले आणि जहाजात चढले. तिथल्या कारकुनानं नावालाच आडनाव करून टाकलं. मास्तरांच्या दारावरची पाटी फ्रेंच उच्चारानं वाचायची – बाझी. आत दारासमोरच्या भिंतीवर त्या बाजींचा फोटो होता. कोट घातलेला, पण उभं राहणं शेतात उभं राहिल्यासारखं.

आता नीट ऐका. करार संपला तेव्हा बाजींनी बोचकं बांधलं होतं. जहाजाला चार दिवस होते. तेवढ्यात गावाकडच्या कुणा माणसाच्या हाती बायकोची चिठ्ठी आली – येऊ नका. तेव्हा त्यांनी बोचकं सोडलं. पुढे बेटावर दुसरं लग्न केलं, आणि त्या घरात मास्तर. ही त्यांच्या घरची गोष्ट. पण चुलत भावंडं चिडवायची – म्हातारा खोटारडा, गावाकडची बायको टाकून दिली आणि वर चिठ्ठीची गोष्ट रचली. मास्तर लहानपणी यावरून मारामाऱ्या करायचे. एकदा दात पडला होता, दाखवला मला. चिठ्ठी मात्र खरी होती, घरात जपलेली. वाचता कुणालाच येत नव्हती. लंडनला, पाँडिचेरीला विचारून झालं होतं. कुणी म्हणालं तेलुगू, कुणी म्हणालं अरबी.

आणि मी त्या कागदाकडे बघितलं – मोडी!

काय सांगू तुम्हाला माझी काय अवस्था झाली. परदेशात, टाळेबंदीत, पाचव्या मजल्यावर, माझी रद्दीतली विद्या मला हाक मारत होती. वरच्या ओळीतलं 'बाजी' मी तिथल्या तिथे वाचलं. मास्तरांनी चष्मा काढला आणि पुसत बसले, बराच वेळ.

चार दिवस कागद माझ्याकडे होता. पाचव्या दिवशी मी गॅलरीत वाचून दाखवला. मुलगी भाद्रपदांत वारली. घर दिरानें घेतलें. मी माहेरीं आहें. मग घडीवर झिजलेली एक ओळ – ती वाचता येत नाही, मी म्हटलं. आणि शेवटी – परतुन येणें. म्हणजे, परत या.

"परत या?" मास्तर म्हणाले. "येऊ नका नाही?"

मी हसले. हो, हसले मी. म्हटलं, "घरोघरी असंच सांगतात, मास्तर. माणूस आपल्या घरच्यांची बाजू घेतो. कागद कुणाची बाजू घेत नाही."

हे वाक्य मला त्या वेळी फार छान वाटलं होतं. पुढे मराठी मंडळींच्या ऑनलाइन कार्यक्रमात मी ते पुन्हा म्हटलं. अ‍ॅमस्टेलव्हीनपासून नायमेखनपर्यंतची माणसं पडद्यावर होती. एक मुलगी रडली. सातासमुद्रापलीकडून नवऱ्याला बोलावणारी बायको, आणि न गेलेला नवरा – कोण रडणार नाही?

पुढच्या आठवड्यात त्यांच्या दारातून सहज आत नजर गेली. भिंतीवर नुसता खिळा होता.

मास्तर ओरडले नाहीत, रडले नाहीत. इतकंच म्हणाले, की सत्तर वर्षं मी ज्याची वकिली केली, तो माणूस दोषीच होता. मग एक दिवस म्हणाले – माझी राख बेटावर न्यायची होती, त्यांच्या कबरीशेजारी ठेवायला. पुतण्याला तसं लिहून दिलं होतं. आता बदललं. मला त्यांच्या शेजारी नको. आणि तो कागद त्यांनी मलाच देऊन टाकला. म्हणाले, तुमच्या भाषेतला आहे, तुम्ही ठेवा.

तुम्हाला वाटेल, चूक झाली बिचारीची. थांबा.

गणपतीच्या सुमारास मंडळाच्या अंकासाठी कुणी त्या पत्राचा फोटो मागितला. मी अनघाच्या मोठ्या पडद्यावर तो उघडला आणि बोटांनी वाढवत नेला. ती चिठ्ठी लिहून देणाऱ्या गावच्या कुलकर्ण्याचा उकार मला दिसला. 'तुम्ही' लिहिताना तो त खाली घेऊन गोल गाठ मारायचा. 'तुमचें' लिहितानाही गाठ. शेवटच्या ओळीतल्या त खाली गाठ नव्हती. होती ती पुढच्या अक्षराकडे जाणारी साधी रेघ. परतनयेणें. आता तोडा तो शब्द. परतुन येणें नाही. परत न येणें. येऊ नका.

आणि घडीतली झिजलेली ओळ? एवढी मोठी केल्यावर तीही उमटली. तेथेंच सुखें राहाणें.

मुलगी गेली, घर गेलं, आता इथे तुमच्यासाठी काही उरलं नाही, तिथेच सुखानं राहा. कुठल्याशा कोकणातल्या बाईनं माहेरच्या ओटीवर बसून कुलकर्ण्याला एवढं सांगितलं होतं. तिनं त्याला सोडवलं होतं. बाजी खरं बोलले होते. मास्तरांचा दात खऱ्यासाठी पडला होता.

आमच्या दारापासून त्यांच्या दारापर्यंत बारा पावलं. मी मोजलेली आहेत, कारण मी ती कितीदा तरी अर्धी चालले. सहा पावलं जायची आणि परत फिरायची. काय सांगणार? मोडीवाल्या काकूंना उकार कळला नाही? कार्यक्रमात टाळ्या वाजवणाऱ्या सगळ्यांना पुन्हा बोलावून सांगणार? उद्या सांगू, असं म्हणायची. त्यांनी एकदा विचारलंही – "मादाम काकू, आजकाल बोलत नाही तुम्ही?" मी म्हटलं, थंडी वाजते.

मग त्यांना ताप आला. अँब्युलन्स आली तेव्हा मी स्वयंपाकघराच्या खिडकीतून बघत होते. इस्पितळात भेटायला बंदी. अनघानं खटपट करून फोन लावून दिला, कुणी नर्स त्यांच्यापुढे धरून उभी होती. नाकात नळी, डोळे मात्र माझ्याकडे. वेळ होता. दोन वाक्यं पुरली असती. मी काय विचारलं असेल?

"जेवलात का?"

"सूप," ते म्हणाले.

तीन दिवसांनी गेले.

अजून संपलं नाही. पुतण्या नायमेखनहून घर आवरायला आला. भला माणूस, मास्क लावून गॅलरीत लांब उभा राहिला. म्हणाला, काका आयुष्यभर म्हणायचे, मला बेटावर बाजींजवळ ठेवा. यंदा उन्हाळ्यात एकाएकी बदललं. इथल्या समुद्रात सोडा म्हणाले. इथल्या कायद्यानं राख महिनाभर तरी मिळत नाही, तोवर विचार करतोय. तुम्ही रोज बोलायचात त्यांच्याशी, तुम्हाला काही माहीत आहे का – का बदललं?

पत्र आत माझ्या बॅगेत होतं. अनघा शेजारी उभी होती. मला डच येत नाही, पण एक शब्द त्यांच्यासारखा म्हणता येतो.

"ने," मी म्हटलं. नाही.

त्यानं आभार मानले. डिसेंबरात त्यानं श्खेव्हेनिंगनच्या किनाऱ्यावरून राख समुद्रात सोडली. त्या दिवशी वारा फार होता, बरीच परत अंगावर आली, असं तो अनघाला म्हणाला. त्याच आठवड्यात मला विमान मिळालं आणि मी पुण्याला आले.

आणि आता ते, ज्याच्यासाठी मी एवढं फिरून आले. मी तुम्हाला मघाशी सांगितलं, की चूक मला मोठ्या पडद्यावर कळली. ते तितकंसं खरं नाही. पहिल्या चार दिवसांत मी पत्राची नक्कल वहीत उतरवत होते. शेवटच्या ओळीपाशी पेन्सिल थांबली होती. त्या त वर मी बारीक प्रश्नचिन्ह केलं होतं. मग पाचव्या दिवशी, गॅलरीत जायच्या आधी, खोडरबरनं पुसलं. 'परत या' जास्त चांगलं वाटत होतं – ऐकायला. आणि 'मला नक्की माहीत नाही' असं म्हणणारी मोडीवाली कुणाला हवी होती? मला तरी नको होती.

वही अजून आहे. पुसलेल्या जागी कागद थोडा खरखरीत झालाय, बोटाला लागतो. पत्र तिच्यातच ठेवलेलं आहे. आता मला ते वाचायला चष्मा लागत नाही. त्या त ला उकार नाही. पहिल्या दिवशीही नव्हता.