सोलांजचा एक तास

मयूरा वेस्टमीडच्या एका प्रयोगशाळेत नऊ वर्षं रक्ताचे नमुने तपासत होती, आणि नऊ वर्षं दुपारच्या जेवणाला वैतागली होती. तिची बॉस सोलांज मूळची फ्रान्सची. तिचा नियम एकच: काम बंद, सगळ्यांनी जेवणाच्या टेबलाशी बसायचं, पूर्ण एक तास. कॉम्प्युटरसमोर कुणी सँडविच खाताना दिसलं की बाई कडाडायची, "हे अमेरिकन खाणं! गाडीत पेट्रोल भरल्यासारखं!" अमेरिकेने जगाच्या जिभेची चव घालवली, हा तिचा रोजचा पाढा. आणि हीच बाई दर सुट्टीत न्यूयॉर्कला पळायची. मयूराने एकदा विचारलं, तर म्हणाली, "प्रेम आहे म्हणून तर राग येतो." आता यावर काय डोंबल बोलायचं!

तो तास संध्याकाळी भरून काढावा लागायचा. राहिलेले नमुने संपवून घरी पोचेपर्यंत साडेसात. नवरा यतिन कॅनबेराला कंत्राटावर, म्हणजे शनिवार-रविवारचा पाहुणा. लेक नीरजा तोवर एकटीच जेवून घ्यायची. तिच्याबरोबर रोज दोन घास खावेत, एवढंच मयूराला हवं होतं. पण लवकर सोडा, असं तिने कधी म्हटलंच नाही. व्हिसाच्या वर्षांत लागलेली सवय, बॉसपुढे मान डोलवायची. पर्मनंट रेसिडेन्सी मिळून सात वर्षं झाली तरी ती काही सुटली नाही.

जूनमध्ये सोलांज निवृत्त झाली. नवा मॅनेजर म्हणाला, "जमेल तेव्हा खा, मेट. नो वरीज." मयूराने कॉम्प्युटरसमोर पोळीची गुंडाळी संपवली आणि साडेसहाला घर गाठलं. वरण-भात, बटाट्याच्या काचऱ्या केल्या, दोन ताटं वाढली. चौदा वर्षांच्या नीरजाने आपलं ताट उचललं आणि ती खोलीकडे निघाली.

"अगं, इथे बस ना. एकत्र जेवू."

"व्हाय? आय ऑल्वेज ईट विथ माय शो."

"आता मी रोज असणार आहे घरी."

"दॅट्स नाइस, आई." नीरजा दारात थांबली. "आय यूज्ड टू वेट फॉर यू. लाइक, इन इयर थ्री, व्हेन आय वॉज एट. देन आय स्टॉप्ड."

आवाजात राग नव्हता. राग असता तर मयूराला समजूत तरी घालता आली असती. दार लागलं आणि आतून कुठल्याशा अमेरिकन मालिकेतला हशा ऐकू आला. तिला सोलांजचा संताप आला, मग स्वतःचा, आणि मग संतापाचाही कंटाळा आला. भात निवत चालला होता. तिने वरण कालवलं आणि ती एकटीच जेवू लागली.